मुंबई बंदरावरून आणलेले दोन दगड

मुंबई मी आयुष्यात एकदाच पाहिली, आणि ती मला एका पान खाणाऱ्या माणसाने काठीने दाखवली. अजून कोणी मुंबईचं कौतुक सांगायला लागलं की मला आधी ती काठी दिसते आणि मग त्याच्या ओठाच्या कोपऱ्यातली लाल थुंकी. माझ्या सुना म्हणतात, "आई, तुम्हाला काहीच आवडत नाही." आवडतं. नाचणीची गरम भाकरी आवडते, कमी बोलणारी माणसं आवडतात. ती मुंबई नाही आवडली.

जर्मनची लढाई संपून दोन पावसाळे झाले होते. जव्हारला महाराजांचं राज्य होतं. माझा बाप कचेरीत शिपाई, म्हणून मला जव्हारला ठेवून चौथीपर्यंत शिकवलं. मग मानमोडीच्या साथीत बाप गेला, शाळा संपली, आणि मी जामसरकडच्या आमच्या पाड्यावर परत आले. तेव्हा मी तेरा-चौदा वर्षांची असेन. पाड्यावर वाचता येणारी मी एकटी.

मला एकच भाऊ होता. लढाई चालू असताना लाकडाच्या ठेकेदाराने त्याला नेलं. हा ठेकेदार खालचा, रेल्वेच्या बाजूचा. आमच्या रानातला साग तोडून खाली पाठवायचा, आणि भाऊ त्याच्या तोडीवर कुऱ्हाड चालवायचा. सरकारला तेव्हा मजूर हवे होते. बंदुका चालवायला नाही, ओझी वाहायला. ठेकेदाराने आपल्या तोडीवरचे अकरा जण काढून दिले. त्यांना सांगितलं, मुंबईच्या पलीकडे बसरा म्हणून गाव आहे. भावाला वाटलं, मोखाड्याच्या बाजारापेक्षा थोडं लांब असेल. बायकोला म्हणाला होता, भात कापायला येतो.

अकरांतले चार परत आले. त्यांतला एक सांगायचा, "बोटीवर त्याला हगवण लागली. मग आम्हाला वेगळं केलं. पुढं मी त्याला पाहिला नाय." एवढंच. बोटीत कुठून चढले, ते त्या चौघांनाही सांगता येईना. मेल्याचा कागद आला नाही, जिवंत असल्याचाही आला नाही. ठेकेदाराला विचारलं तर म्हणायचा, "येईल, येईल. सरकारचं काम आहे, वेळ लागतो." जणू भाऊ म्हणजे बैलगाडीने पाठवलेलं सामान.

वहिनी तेव्हा वीस वर्षांची. तीन वर्षं ती आमच्या घरात बैलासारखी राबत होती. ना तिला सधवा म्हणता येत होतं, ना विधवा. आमच्यात नवरा मेला तर बाई पाट लावते, म्हणजे दुसरं घर करते; त्यात लाज नाही. पण आधी मेलेल्याचा चिरा बसावा लागतो. पाड्याबाहेर झाडाखाली, त्याच्या बापाआज्याच्या दगडांशेजारी, त्याच्या नावाने उभा केलेला दगड म्हणजे चिरा. माणूस घरी मेला तर ओढ्यातला दगड चालतो. परमुलखात मेला तर जिथे मेला तिथला लागतो, आणि ती जागा कळत नसेल तर त्याचा पाय जिथे शेवटचा दिसला तिथला. तो बायकोने स्वतःच्या हाताने उचलून आणायचा. हा कायदा केला तेव्हा आमची माणसं फार तर नाशिकपर्यंत जाऊन मरत असतील. बसरा कोणाच्या डोक्यात नव्हता.

मोखाड्याकडचा एक विधुर वहिनीला मागत होता. घरी दोन बैल आणि एक रांगती मुलगी. त्याने पंचांसमोर साफ सांगितलं, "होळीपर्यंत थांबतो. पुढं नाय थांबत, माझ्या घरात चूल पेटवायला कोणी नाय." गोड बोलला नाही, म्हणून मला तो माणूस बरा वाटला. पंच म्हणाले, "होळीआधी चिरा बसव, मग जा."

आई मात्र चिऱ्याचं नाव काढलं की भांडी आपटायची. म्हणायची, "दगड उभा केला म्हणजे पोराला आपणच मारला."

अशात माघ महिन्यात ठेकेदाराचा निरोप आला. लढाईला माणसं दिलेल्या घरांना तो मुंबईला नेऊन लढाईचं बंदर दाखवणार होता. आमची माणसं कुठे उतरली, कुठे चढली, तोफा कुठल्या, बोटी कुठल्या, सगळं. का, ते आम्हाला माहीत होतं. त्याला दरबारात मानाचा शेला हवा होता, आणि त्यासाठी आमच्यासोबत काढलेला फोटो.

वहिनी मला म्हणाली, "तू चल. तुना वाचता येतं. मना फक्त एवढं विचारून दे, तो कुठून चढला."

आई मला म्हणाली, "जा. फिरून ये. पण दगड आणलास तर माझ्याशी बोलू नको."

आम्ही सहा जण निघालो. वहिनी, मी, मोखाड्याचा एक म्हातारा ज्याचा मुलगा गेला होता, आणि खालच्या पाड्यावरच्या तीन बाया, ज्या सगळा वेळ एकमेकींचे पदर धरून होत्या. डहाणूच्या स्टेशनापर्यंत बैलगाडी, पुढे आगगाडी. एका धर्मशाळेत उतरलो. तिथला वास सांगत नाही.

सकाळी ठेकेदार त्या माणसाला घेऊन आला. काळा कोट, पिवळी पडलेली कॉलर, हातात पितळी मुठीची काठी. लढाईच्या दिवसांत गोदीत कारकून होता म्हणे. आता लोकांना बंदर दाखवायचा आणि त्यावरच जगायचा. त्याने नाव सांगितलं ते मी विसरले. मोखाड्याच्या म्हाताऱ्याने पहिल्या तासातच त्याला दाखव्या म्हणायला सुरुवात केली, आम्हीही तेच म्हणायला लागलो.

दाखव्याने आम्हाला अपोलो बंदरावर नेलं. मी समुद्र पहिल्यांदा पाहिला. लोक म्हणतात निळा असतो. तिथे तो धुण्याच्या पाण्यासारखा होता आणि त्यावर केळीची पानं, कोळशाची भुकटी आणि एक मेलेला उंदीर तरंगत होता. तेलाचा, कुजक्या मासळीचा आणि डांबराचा वास एकत्र. काठावर राजासाठी मोठी कमान बांधायचं काम चाललं होतं. जिकडेतिकडे पिवळ्या दगडाच्या कपच्या पडलेल्या.

दाखव्या एका पायरीवर चढला, पान गालात सरकवलं आणि कीर्तनकारासारखा हात वर केला.

"माता-भगिनींनो! हीच ती पवित्र जागा! इथूनच तुमचे वीर हसत हसत बोटीत चढले. बँड वाजत होता, गोऱ्या मडमा रुमाल हलवत होत्या, आणि तुमचे वीर मागे वळून म्हणाले, आमच्या डोंगरांना आमचा रामराम सांगा!"

म्हातारा माझ्या कानाशी म्हणाला, "माझा पोरगा कधी कोणाला रामराम घालत नव्हता. घरात शिरला तरी नाय."

वहिनीने मला कोपराने ढोसलं. मी पुढे गेले. "जव्हारची माणसं पण इथूनच चढली का?"

"इथूनच."

"ह्याच पायरीवरून?"

"ह्याच."

"पण उभी कुठे होती? पाय कुठल्या जागी होते?"

असं त्याला कोणी विचारलं नसावं. त्याने ठेकेदाराकडे पाहिलं. ठेकेदाराने डोळ्याने खुणावलं, सांगून टाक. दाखव्याने काठी उचलली आणि अगदी समोर, जिथे ती सहज टेकली, तिथे ठोकली. "हे इथे. मी स्वतः पाहिलं."

वहिनी खाली बसली. कमरेची गाठ सोडून तिने नाचणीचे चार दाणे त्या जागेवर टाकले, हात फिरवला आणि तिथली एक पिवळी कपची उचलून पदरात बांधली. रडली नाही. आमच्यात ते काम करताना रडत नाहीत. रडायचं ते चिरा बसतो तेव्हा. दाखव्या बघत होता. तो ठेकेदाराला म्हणाला, "ही रडत का नाही?"

ठेकेदार म्हणाला, "डोंगरातली माणसं. त्यांना उशिरा कळतं."

मी जवळच उभी होते. चौथी शिकलेल्या मुलीला एवढी मराठी कळते हे त्याच्या डोक्यात आलं नाही.

मग फोटो. आम्हाला ओळीत उभं केलं, हातात कागदाची निशाणं दिली. ठेकेदाराने वहिनीकडे पाहून म्हटलं, "बाई, कुंकू मोठं लाव. मेलेल्याची बायको म्हणून फोटोत नको. दरबारात कसं दिसेल?" पदरात नवऱ्याचा दगड आणि कपाळावर रुपयाएवढं कुंकू, अशी वहिनी त्या फोटोत आहे. दुपारी त्याने आम्हाला जिलेबी खाऊ घातली. मी चार खाल्ल्या. खाल्ल्या त्या खाल्ल्या, खोटं कशाला सांगू.

दुसऱ्या दिवशी दाखव्याने आम्हाला एका लांबट इमारतीत नेलं. तिथे लढाईत हातपाय गेलेल्या शिपायांना धंदा शिकवत होते. कोणी मोजे विणत होतं, कोणी खुर्च्यांना वेत भरत होतं. त्या दिवशी आमच्यासोबत ठेकेदाराचे पाहुणेही होते, शहरातली चार-पाच बडी माणसं आणि त्यांच्या बायका, रेशमी पातळं, पायात बूट. दाखव्याचा आवाज त्यांच्यासाठी आणखी गोड झाला होता.

एक शिपाई खाली बसून खुर्ची विणत होता. उजवा पाय लाकडाचा. दाखव्या त्याच्याजवळ गेला आणि काठीने त्या पायावर टकटक केलं, जत्रेत घागर वाजवून बघतात तसं.

"पाहा, सरकारने नवा पाय दिला! मूळच्यापेक्षा मजबूत!"

एक बाई हसली. म्हणाली, "आवाज किती छान येतो ना!"

शिपायाने मान वर केली नाही. वेताची पट्टी दातात धरली होती, ती ओढत राहिला. सगळे पुढे गेले तेव्हा वहिनी मागे थांबली आणि मी तिच्यासोबत.

वहिनी त्याला म्हणाली, "दादा, तुमी बसऱ्याला गेला होता?"

"व्हतो." तो घाटावरचा होता, बोलण्यावरून.

मी विचारलं, "कुठून चढलात बोटीत? कुठल्या जागेवरून?"

त्याने पट्टी दातातून काढली. "कुनाला ठावं बाय? डोक्यावर गोणी, म्होरच्याच्या टाचा बघत चालायचं. मान वर केली की शिवी. जिमीन कवा सरली आन् बोट कवा लागली, मला नाय कळलं."

"तो दाखवतो ना, तो म्हणतो त्याने सगळ्यांना पाहिलं."

"त्यो?" शिपाई पहिल्यांदा हसला. "त्यो तवा हापिसात बसून पोती लिवत हुता. आता मानसं दावतोय." आणि वहिनीकडे पाहून हळूच म्हणाला, "तुजा मालक न्हाई आला न्हवं? आता वाट नको बघू, बाय. जे यायचे हुते ते आले."

एवढं साफ आम्हाला तीन वर्षांत कोणी सांगितलं नव्हतं. वहिनीने मान हलवली. त्याच्या पुढ्यात वेताचे तुकडे पसरले होते, ते तिने गोळा करून त्याच्या हाताशी ठेवले, आणि आम्ही निघालो.

तिथून मोठ्या नव्या धक्क्यावर गेलो, जिथे आगबोटी लागतात. कालच्या जागेपासून हे बरंच लांब, गाडीतून आलो. दाखव्या पुन्हा उंच जागा शोधून चढला. पान गालात, हात वर.

"सज्जन हो! हीच ती पवित्र जागा! इथूनच जव्हारच्या डोंगरांतले वीर हसत हसत चढले. बँड वाजत होता..."

मी वहिनीकडे पाहिलं. तिनेही ऐकलं होतं. तोच बँड, त्याच मडमा, तोच रामराम, जागा फक्त दुसरी. म्हाताऱ्याने बाजूला थुंकून म्हटलं, "माझा पोरगा दोनदा चढला वाटतं. एकदा चढून उतरला, मग परत चढला."

दाखव्याला तेवढ्यावर समाधान नव्हतं. त्याने काठी वहिनीकडे केली. "आणि पाहा, आजही त्या वीरांच्या पत्नी इथे येऊन ही भूमी पूजतात! बाई, जरा पुढे या. काल केलंत तसं करून दाखवा. ते दाणे टाकता ते."

बड्या बायका बघायला पुढे सरकल्या. एक म्हणाली, "किती निरागस असतात नाही ही माणसं!"

मला वाटलं, वहिनी आता त्याच्या तोंडावर थुंकेल. मी तर वाट बघत होते. ठेकेदार दातओठ खाऊन म्हणाला, "चल, लवकर. पाहुणे उभे आहेत."

वहिनी पुढे गेली. दाखव्याच्या अगदी समोर उभी राहिली आणि तिने स्वतःच्या तोंडाने विचारलं, मला विचारायला लावलं नाही. "काल तिकडं बोललास. आज इकडं बोलतोस. कुठं?"

दाखव्या हसला. "अगं, तिथूनही चढले, इथूनही चढले. हजारो होते."

"माझा एक होता," वहिनी म्हणाली.

मग ती बसली. गाठीत उरलेले दाणे टाकले, हात फिरवला आणि रुळाजवळचा काळा गोल दगड, मुठीएवढा, उचलून पदरात घातला. बायकांनी टाळ्या वाजवल्या. खरंच वाजवल्या. एकीने तिला पेपरमिंटची गोळी दिली. मी ठरवलं की ह्या शहरात पुन्हा पाय ठेवायचा नाही, आणि ठेवला नाही. मुलगा पुढे ठाण्याला कामाला लागला, बोलावून थकला, तरी नाही.

परत येताना आगगाडीत मी तिला विचारलं, "का केलंस? त्याला तमाशा हवा होता, तो तू दिलास."

"माझं काय गेलं?" ती म्हणाली. "समज, तो खरंच इथून चढला असला तर? एक दगड जास्त झाला तर वजन मना आहे, तुना नाय." तिने दोन्ही दगड मांडीवर काढून ठेवले, एक पिवळा, एक काळा. "आता सांग. खरा कोणता?"

"दोन्ही खोटे," मी म्हणाले. "दाखव्या खोटं बोलत होता. तुला माहीत आहे."

"मना माहीत आहे. पण पंचांना होळीआधी एक लागतो." तिने दोन्ही दगड बाकावर उभे करून पाहिले. काळा गोल होता, घरंगळला. पिवळ्याला एका बाजूने टाकीचा घाव लागलेला, तळ सपाट. तो गाडीच्या हिसक्यातही उभा राहिला. "हा बसेल," ती म्हणाली आणि काळा माझ्याकडे सरकवला. "हा तू ठेव."

पंच आमच्या अंगणात बसले. आई दाराच्या आत, पाठ करून. पिवळा दगड मधे ठेवलेला. आमच्याकडचे सगळे दगड काळे, त्यात तो हळदीने माखल्यासारखा दिसत होता. वहिनीला विचारून अर्थ नव्हता, तिचं त्यात हित होतं. म्हणून मोठ्या पंचाने मला समोर बोलावलं.

"पोरी, ही त्याच्या पायाखालची जागा, असं कोणी सांगितलं?"

"तिथल्या माणसाने सांगितलं. बंदर दाखवणाऱ्याने."

"तू तुझ्या कानाने ऐकलंस?"

"ऐकलं."

"त्याने पाहिलं होतं?"

"तो म्हणाला, मी स्वतः पाहिलं."

"दगड हिने उचलला?"

"हिनेच."

ह्यातला एकही शब्द खोटा नव्हता. तो माणूस खरा आहे की लबाड, हे कोणी मला विचारलं नाही, आणि मी आपण होऊन सांगितलं नाही. दाराआडून आईचं भांडं आपटल्याचा आवाज आला. पंचांनी एकमेकांकडे पाहिलं आणि मान हलवली.

दुसऱ्याच दिवशी चिरा बसला. वहिनी तेव्हा रडली, कुंकू पुसलं, आणि इतकी रडली की मोखाड्याचा विधुर, जो बघायला आला होता, तो दूर जाऊन बसला. होळीच्या तीन दिवस आधी ती त्याच्या घरी गेली. त्याची मुलगी तिच्या हाताखाली वाढली. पुढे तिला स्वतःची चार झाली, त्यांतली दोन जगली. दर सर्वपित्रीला ती डोंगर उतरून आमच्या पाड्यावर यायची, पिवळ्या दगडाला शेंदूर लावायची, माझ्याकडे भाकरी खायची आणि जायची. दुसरा नवरा कधी नको म्हणाला नाही. बंदराबद्दल आम्ही पुन्हा बोललो नाही.

आई माझ्या लग्नापर्यंत माझ्याशी बोलली नाही. हळद लागली त्या दिवशी म्हणाली, "पदर नीट घे." तेवढंच.

ठेकेदाराला शेला मिळाला असं ऐकलं. फोटो कुठे गेला ठाऊक नाही.

ती कमान पुढे पुरी झाली. नातवाच्या वहीच्या पुठ्ठ्यावर तिचं चित्र आहे. मी त्याला सांगितलं, ह्याच्यातली एक कपची आपल्या पाड्यावर आहे. त्याला खरं वाटलं नाही.

काळा दगड माझ्याजवळ आहे. हातात बरोबर बसतो. लसूण-मिरची त्यावर चांगली ठेचली जाते.